तारीख कुणाच्या सोयीची?

(मंद्रूप येथील व्याख्यानमालेत दिलेल्या स्मृतिव्याख्यानाचा छापील मजकूर)

मंद्रूपच्या शेतकऱ्याचा सातबारा मंद्रूपलाच निघतो. अप्पर तहसील कचेरी झाल्यापासून महसुलाची बरीचशी कामेही इथेच उरकतात. दावा मात्र विसेक किलोमीटरवरच्या सोलापुरात चालतो, आणि उच्च न्यायालयात जायची वेळ आली की परवापरवापर्यंत मुंबई गाठावी लागे. सिद्धेश्वर एक्स्प्रेसमध्ये रात्र काढायची, सकाळी फोर्टात वकिलाच्या ऑफिसात जाऊन बसायचे, ‘आज बोर्डावर आलं नाही’ हे ऐकायचे आणि त्याच रात्रीच्या गाडीने परत फिरायचे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचचे काम सुरू झाले आणि सोलापूर जिल्हा त्याच्या हद्दीत गेला.

कोर्टाचे अंतर आणि अपिलाची मुदत यांचा संबंध सर्वोच्च न्यायालयालाही एकदा जाणवला होता. हिंदू विवाह कायद्याखालच्या निकालावर अपील करायला पूर्वी फक्त ३० दिवस मिळत. २००२ च्या एका निकालात न्यायालयाने म्हटले की देश एवढा मोठा, कोर्टे एवढी लांब, पक्षकारांची ऐपत ही अशी; एवढ्या दिवसांत माणसाने अपील करायचे कसे? निदान ९० दिवस तरी द्या. संसदेने २००३ मध्ये तशी दुरुस्ती केली. पण १९८४ च्या कौटुंबिक न्यायालय कायद्यातले ३० दिवस तसेच राहिले. परिणामी घटस्फोट दिवाणी न्यायाधीशाने दिला तर अपिलाला तीन महिने, कौटुंबिक न्यायालयाने दिला तर एक महिना, असा गमतीचा प्रकार झाला. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१६ मध्ये ९० दिवसांच्या बाजूने कौल दिला. तोही विवाह कायद्याखालच्या निकालांपुरता. नवरा-बायकोतला निव्वळ मालमत्तेचा दावा कौटुंबिक न्यायालयात चालला, तर अपिलाचे ३० दिवस आजही तेच आहेत.

कोर्टाच्या आवारात विलंब दोन प्रकारचा भेटतो. पहिला पक्षकाराचा: दावा लावायला उशीर, कैफियत द्यायला उशीर, अपिलाला उशीर. त्याचा हिशेब एकेका दिवसाचा. त्यासाठी विलंबमाफीचा वेगळा अर्ज, सोबत प्रतिज्ञापत्र, डॉक्टरचा दाखला, त्यावर समोरच्याचे म्हणणे, मग युक्तिवाद. दुसरा विलंब कोर्टाचा. त्याची नोंद रोजनाम्यात एका ओळीत होते आणि तो कुणाला माफ करून घ्यावा लागत नाही. मालमत्तेच्या कुठल्याही वादात हे दोन्ही असतात. नवरा-बायकोच्या वादात मात्र दोन्हींचा फायदा बहुधा एकाच माणसाला होतो: ज्याच्या ताब्यात घर आहे, शेत आहे, लॉकरची किल्ली आहे त्याला. तो नवरा असो की बायको. तेव्हा उशीर किती झाला यापेक्षा तो कुणाच्या पथ्यावर पडला, हे कोर्टाने आधी पाहावे, असे प्रस्तुत वक्त्याचे मत आहे. पुढचे सगळे विवेचन त्याच मताच्या आधाराने केले आहे.

आधी पक्षकाराचा विलंब घेऊ. मुदत कायदा १९६३ चा. हक्क जाहीर करून मागायचा तर तीन वर्षे, मालकीच्या आधारे स्थावराचा ताबा मागायचा तर बारा वर्षे. अपिलाला उशीर झाला तर कलम ५ खाली पुरेसे कारण दाखवून माफी मागता येते. मूळ दाव्याला ती सोय नाही, दावा मुदतबाह्य म्हणजे मुदतबाह्य. भाऊबंदकीत किंवा सावकाराच्या व्यवहारात हे चालून जाते, कारण तिथे वाद कधी सुरू झाला ते सगळ्या गावाला ठाऊक असते. लग्नात तो दिवस कोणता धरायचा? सासूने दागिने ‘कपाटात राहू दे’ म्हणून ठेवून घेतले तो? नवऱ्याने ते गहाण ठेवून बोअर मारला तो? बायको माहेरी आली तो? की माहेरची माणसे बोलणी करायला गेली आणि हात हलवत परतली तो? नांदत्या घरातली बाई नवऱ्यावर दावा लावत नाही आणि संसार टिकवू पाहणारा नवराही बायकोवर लावत नाही. दोन-तीन वर्षे मध्यस्थांच्या बैठका चालतात, मूल लहान आहे म्हणून सगळे थांबतात, पंचमीला किंवा दिवाळीला पुन्हा एकदा पाठवणी होऊन पाहते. कायद्याच्या हिशेबी हा सगळा काळ गप्प बसण्यात जातो.

कायदे करणाऱ्यांना ही अडचण अगदीच दिसली नव्हती असे नाही. मुदत कायद्याच्या कलम २९(३) ने विवाह आणि घटस्फोटाच्या कायद्याखालची कामे मुदतीतून वगळली आहेत. हिंदू विवाह कायद्याने त्या जागी लवचिक कसोटी ठेवली: कलम २३ प्रमाणे कोर्टाने पाहायचे ते एवढेच, की अर्ज करायला अनावश्यक किंवा अनुचित उशीर झालेला नाही ना. लग्नानिमित्त दोघांना मिळून मिळालेल्या वस्तूंबद्दल त्याच कायद्याच्या कलम २७ खाली त्याच कामात हुकूम करता येतो. पण हीच मागणी स्वतंत्र दाव्यातून केली, की मुदतीचा मुद्दा पुन्हा दारात उभा.

दागिन्यांच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने रस्ता बराच रुंद करून दिला आहे. १९८५ च्या प्रतिभाराणी खटल्यात न्यायालयाने सांगितले, की स्त्रीधन सासरी आले म्हणून ते नवऱ्याच्या मालकीचे किंवा दोघांच्या भागीदारीचे होत नाही. ते त्याच्याकडे विश्वासाने ठेवलेले असते. परत दिले नाही तर तो विश्वासघाताचा फौजदारी गुन्हा. पुढचे पाऊल २०१५ चे. त्रिपुरातल्या एका पत्नीला न्यायिक विभक्ततेचा हुकूम झालेला होता. तिने २०१० मध्ये कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली स्त्रीधन परत मागितले. खालच्या तिन्ही पायऱ्यांवर तिला नकार मिळाला: विभक्त झालीस, आता घरगुती नाते उरले नाही, आणि उशीरही झाला. सर्वोच्च न्यायालयाने ते सगळे खोडून काढले. विभक्ततेने लग्न संपत नाही. आणि स्त्रीधन अडवून ठेवणे हा रोज नव्याने घडणारा, चालू राहणारा अपराध आहे, म्हणून मुदत संपल्याचा आक्षेप इथे लागत नाही. या कायद्याखालच्या मूळ अर्जाला फौजदारी मुदतीचे बंधन नाही, हे २०२२ मध्ये आणखी स्पष्ट झाले. हुंड्याबाबत तर १९६१ च्या कायद्यानेच तारीख ठरवून दिली आहे: दुसऱ्या कुणी घेतलेला हुंडा तीन महिन्यांत वधूला सुपूर्द करायचा, तोवर तो विश्वस्त म्हणून सांभाळायचा. या तीन महिन्यांची आठवण मांडवात कुणी काढत नाही, ती गोष्ट वेगळी.

इथे थोडे मागे जावेसे वाटते. फार लांब नाही. सोलापूरहून हैदराबाद रस्त्याने सव्वाशे किलोमीटरच्या आसपास बसवकल्याण आहे. तेव्हाचे कल्याण, चालुक्यांची राजधानी. सहावा विक्रमादित्य १०७६ ते ११२६ या काळात तिथे राज्य करत होता आणि त्याच्याच आश्रयाने विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर मिताक्षरा ही टीका लिहिली. आपल्याकडच्या हिंदू वारसाच्या वादांवर पुढे शतकानुशतके तिचाच अंमल राहिला. त्या स्मृतीत मुदतीचा नियम आहे. आपली जमीन दुसरा उपभोगतो आहे हे डोळ्यांनी पाहूनही जो वीस वर्षे तोंड उघडत नाही त्याची हानी होते. इतर धनाला मुदत दहा वर्षांची. लगेच पुढे अपवाद येतात: गहाण, शिवेचा वाद, ठेव, अजाण आणि बालक यांचे धन, राजाचे, श्रोत्रियाचे, आणि स्त्रीचे धन. त्यांना हा काळ लागू नाही. विज्ञानेश्वर त्याच्याही पुढे जातो. त्याच्या मते मुदत उलटली तरी बुडते ते उत्पन्न, मालकी बुडत नाही. मुंबई उच्च न्यायालयात वकिली केलेल्या पां. वा. काणे यांच्या धर्मशास्त्राच्या इतिहासात या चर्चेला मोठी जागा आहे.

आता लगेच ‘आपल्याकडे सगळे होतेच’ म्हणून छाती फुगवायला नको. त्याच स्मृतीने नवऱ्याला सूटही दिली आहे: दुष्काळात, धर्मकार्यात, आजारपणात किंवा अटकेत पडल्यावर त्याने बायकोचे धन वापरले, तर ते परत करण्याचे बंधन त्याच्यावर नाही. आजच्या कैफियतींतही हीच कारणे येतात. फक्त धर्मकार्याच्या जागी नणंदेचे लग्न असते आणि दुष्काळाच्या जागी बुडालेली द्राक्षबाग.

ताबा असलेल्याला विलंब फळतो, याचे मराठी मुलखातले सगळ्यात गाजलेले उदाहरण बाईच्या बाजूचे आहे. रखमाबाईंचे लग्न अकराव्या वर्षी दादाजी भिकाजींशी झाले. त्या नांदायला गेल्या नाहीत; सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन यांच्या घरी राहून शिकत राहिल्या. आईने पुनर्विवाहापूर्वी पहिल्या नवऱ्याची मालमत्ता रखमाबाईंच्या नावे केली होती. दादाजींनी १८८४ मध्ये वैवाहिक हक्कांसाठी दावा लावला तेव्हा लग्नाला अकरा वर्षे झाली होती. वरवर भांडण नांदण्याचे. पण या मालमत्तेवर डोळा असल्याचा आरोप दोन्ही बाजू एकमेकांवर करत होत्या. १८८५ च्या सप्टेंबरात न्यायमूर्ती पिन्ही यांनी रखमाबाईंच्या बाजूने निकाल दिला. १८८६ मध्ये अपिलात तो फिरला. मार्च १८८७ मध्ये न्यायमूर्ती फॅरन यांनी सांगितले, नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने कैद. जुलै १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली आणि पुढच्याच वर्षी रखमाबाई वैद्यकीच्या शिक्षणासाठी विलायतेला गेल्या.

या चार वर्षांत रखमाबाईंचे काय गेले? मनस्ताप, वर्तमानपत्रांतली बदनामी, वकिलांची बिले. हे थोडे नाही. पण राहते घर हातचे गेले नाही, मालमत्ता नावावर राहिली. तारखा लांबल्या तसा लोकमताला त्यांच्या बाजूने वळायला वेळ मिळाला. कर्जात असलेल्या दादाजींना तारखा लांबणे परवडणारे नव्हते. हीच चार वर्षे, घर आणि दागिने सासरी अडकलेल्या बाईच्या वाट्याला आली असती तर खटल्याचा शेवट काय झाला असता, हे सांगायला वकील नको.

उशीर माफ करण्याबाबत कोर्टांचा सूर १९८७ पासून मवाळ झाला. दर दिवसाच्या उशिराचा खुलासा द्या असा हेका धरायचा तर मग दर तासाचा, दर सेकंदाचा का नको, असा प्रश्न त्या वर्षी सर्वोच्च न्यायालयानेच विचारला. १९९८ मध्ये ८८३ दिवसांचा उशीर माफ झाला. न्यायालयाचे म्हणणे असे, की उशीर किती हे गौण. कारण पटते का ते पाहा, आणि समोरच्याचे नुकसान खर्चाच्या रूपाने भरून द्या. अलीकडे सूर पुन्हा कडक झाला आहे. कौटुंबिक कामांत या मवाळपणाचा उपयोग व्हायचा तो एकतर्फी हुकमांत. समजा, बायको इंडीला माहेरी आहे. समन्स मंद्रूपच्या पत्त्यावर निघते. बेलिफाला दारात जो भेटतो तो नवऱ्याचाच माणूस. ‘इथे राहत नाही’ असा शेरा पडतो किंवा समन्स दाराला चिकटवले जाते, आणि चार-सहा तारखांनी हुकूमनामा. तो उठवायला ३० दिवस; समन्स रीतसर बजावले नसेल तर हे दिवस हुकूम कळल्यापासून मोजायचे. पण तो कधी कळला, हे शाबीत करण्यात पुन्हा दोन वर्षे जातात.

आता कोर्टाचा विलंब. कायद्याची पुस्तके चाळली तर वाटते, यापेक्षा घाईचे खाते दुसरे नसेल. विवाह अर्ज नोटीस बजावल्यापासून सहा महिन्यांत आणि अपील तीन महिन्यांत संपवायचे. कौटुंबिक हिंसाचाराचा अर्ज पहिल्या सुनावणीपासून ६० दिवसांत. कैफियत ३० दिवसांत, फार तर ९०. एका बाजूला तीनपेक्षा जास्त तहकुबी नाहीत. प्रत्येक कलमात ‘शक्यतो’ किंवा ‘प्रयत्न करावा’ अशी पळवाट आहे; जिथे नव्हती तिथे कोर्टांनी वाचून काढली. कैफियतीचे ९० दिवस बंधनकारक नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्येच सांगून टाकले.

महाराष्ट्राने यात स्वतःची भर घातली होती. दिवाणी प्रक्रिया संहितेत राज्याने कलम ९-अ घुसवले. मनाई हुकमाचा अर्ज चालू असताना प्रतिवादीने ‘या कोर्टाला अधिकारच नाही’ असा आक्षेप घेतला, की आधी तो मुद्दा, लागलाच तर पुरावा घेऊन, निकाली काढायचा. बाकी दावा तोवर थांबलेला. त्या एका मुद्द्यावरचा निकाल वर अपिलात जायचा, परत यायचा, आणि मग मूळ दाव्याच्या पहिल्या साक्षीदाराचा पुकारा व्हायचा. २०१५ मध्ये ‘दावा मुदतबाह्य आहे’ हा आक्षेपही या कलमात बसवला गेला आणि ज्याला वेळ काढायचा त्याचे फावले. शेवटी २०१८ मध्ये राज्याने कलम काढून टाकले. २०१९ मध्ये नुस्ली वाडिया यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ ची भूमिकाही मोडीत काढली. इतकी वर्षे टिकलेल्या या कलमाबद्दल कुणाला जाब विचारल्याचे दिसत नाही.

विलंब मोजायला एक खटला नागपूरचा पाहावा. पत्नीने २०१३ मध्ये स्वतःसाठी आणि मुलासाठी अंतरिम पोटगी मागितली. अंतरिम म्हणजे मूळ काम निकाली निघेपर्यंत चूल पेटती राहावी म्हणून. २०१५ मध्ये नागपूरच्या कौटुंबिक न्यायालयाने ती दिली, उच्च न्यायालयाने कायम केली, नवरा सर्वोच्च न्यायालयात गेला. ४ नोव्हेंबर २०२० ला ‘रजनेश विरुद्ध नेहा’ या नावाने आज देशभर उद्धृत होणारा निकाल लागला तेव्हा सात वर्षे सरली होती. न्यायमूर्ती इंदू मल्होत्रा आणि न्यायमूर्ती सुभाष रेड्डी यांनी या सात वर्षांची नोंद घेतली आणि दोन कामाच्या गोष्टी केल्या. पोटगी हुकमाच्या तारखेपासून न देता अर्जाच्या तारखेपासून द्यायची. उशीर कुणाच्या खिशात जाणार, हे त्यामुळे उलटे झाले: काम जितके रेंगाळेल तितकी थकबाकी देणाऱ्याच्या डोक्यावर चढणार. दुसरी गोष्ट, दोन्ही बाजूंनी मालमत्ता आणि देण्यांचे प्रतिज्ञापत्र ठरावीक नमुन्यात सुरुवातीलाच द्यायचे.

या प्रतिज्ञापत्राचा शेती करणाऱ्यांसाठी वेगळा नमुना निकालाला जोडलेला आहे आणि मंद्रूपच्या श्रोत्यांनी तो जरूर वाचावा. जमीन एकूण किती आणि त्यात आपला हिस्सा किती, नोंदीचे उतारे, जमीन जिरायत की बागायत, पिके कोणती, मागच्या तीन वर्षांचे उत्पन्न, बटईने केलेली जमीन, जनावरे, कर्ज. ‘माझ्या नावावर काही नाही, सगळं वडलांच्या नावावर आहे’ हे वाक्य सोलापूरच्या कोर्टात रोज ऐकू येते. ते या नमुन्यात एका ओळीत बसत नाही. उसाचे बिल कुणाच्या खात्यावर जमा होते, हा प्रश्न लगेच पुढे येतो. अडचण एवढीच, की प्रतिज्ञापत्र द्यायलाही तारीख मागता येते.

मालमत्तेचा हिस्सा मिळवायला किती काळ जातो, याचा धडा कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याने सांगलीच्या हिराबाई मगदूम यांच्या खटल्यातून गिरवलेला असतो. नवरा खंडाप्पा १९६० मध्ये वारले. मागे हिराबाई, दोन मुलगे, तीन मुली. मिळकतीत दोन घरे, जमीन, दोन दुकाने. हिराबाईंनी १९६२ च्या अखेरीस वाटपाचा दावा लावला आणि हिस्सा मागितला ७/२४. तो असा निघतो: खंडाप्पा हयात असताना मुलांशी वाटप झाले असते तर नवरा, बायको आणि दोन मुलगे असे चार हिस्से पडले असते, म्हणजे बायकोचा एक चतुर्थांश तिचा हक्काचा. नवऱ्याच्या चतुर्थांशाचे सहा वारस, त्यात तिचा १/२४. दोन्ही मिळून ७/२४. खालच्या कोर्टाने फक्त १/२४ दिला; ‘वाटप झालेच नव्हते, मग तिचा पाव हिस्सा कुठला?’ उच्च न्यायालयाने ७/२४ मान्य केला, आणि एप्रिल १९७८ मध्ये सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पीठाने तो कायम केला. साडेपंधरा वर्षांत कायदा देशाला मिळाला. मिताक्षरेची एक गोम या हिशेबात आहे: नवरा-मुलांत वाटप झाले तर बायकोला हिस्सा मिळतो, पण वाटप मागायचा हक्क तिला नाही. वाट पाहणे तिच्या हक्कातच बसवलेले आहे.

निकाल लागला म्हणजे जमीन हाती आली असेही नाही. वाटपात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो. सारा भरणाऱ्या शेतजमिनीचे प्रत्यक्ष तुकडे पाडायला तो दिवाणी संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो. तिथून तहसीलदार, मग भूमिअभिलेखची मोजणी. मोजणीच्या दिवशी एक भाऊ गैरहजर, दुसऱ्याची हरकत, बांधावर ऊस उभा असल्याने साखळी फिरत नाही. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की प्राथमिक हुकमानंतर कोर्टाने आपणहून पुढचे काम हाती घ्यावे, पक्षकाराच्या वेगळ्या अर्जाची वाट पाहू नये. आणि हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी केलेल्या दरखास्तींची अवस्था? त्या सहा महिन्यांत निकाली काढा, असे २०२१ मध्येच सांगून झाले होते. ऑक्टोबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे जो हिशेब आला त्यात देशभर ८ लाख ८२ हजारांहून अधिक दरखास्ती तुंबलेल्या निघाल्या. सर्वांत मोठा आकडा महाराष्ट्राचा होता.

शहरात चित्र वेगळे, गोम तीच. पुण्यातला फ्लॅट दोघांच्या नावे, हप्ते एकाच्या पगारातून, आणि राहतो दुसरा. फ्लॅट एकट्या बायकोच्या नावे असेल आणि पैसे नवऱ्याने भरले असतील, तर बेनामी कायद्यातून वाट काढताना त्याची दमछाक होते. २०१६ च्या दुरुस्तीने जोडीदाराच्या नावे ज्ञात उत्पन्नातून घेतलेल्या मिळकतीला सूट दिली असली तरी तसे शाबीत करावे लागते. बँकेचे हप्ते तारखेला थांबत नाहीत. घराबाहेर पडलेला नवरा एकीकडे भाडे भरतो, दुसरीकडे ज्या घरात त्याला पाऊल टाकता येत नाही त्याचा हप्ता. घटस्फोट झाल्यावरही असा वाद कौटुंबिक न्यायालयातच जातो, हे २००३ मध्ये ठरले. तिथे समुपदेशकाकडे पाठवणी आधी, आणि समेटाच्या बैठकांना हजर राहून काहीच न बोलणे ही वेळ काढायची सभ्य रीत आहे.

म्हणून अंतिम निकालापेक्षा पहिल्या महिन्यातले हुकूम मोलाचे. कौटुंबिक हिंसाचार कायद्याच्या कलम १८ खाली मॅजिस्ट्रेट दोघांनी वापरलेले बँक खाते आणि लॉकर परवानगीशिवाय उघडायला मनाई करू शकतो. त्यात स्त्रीधनही येते. कलम १९ खाली राहते घर विकायला बंदी घालता येते. दावा चालू असताना विकलेली मिळकत दाव्याच्या निकालाला बांधील राहते, हा मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ चा जुना नियम. पण १९३९ च्या मुंबई दुरुस्तीने बृहन्मुंबईत आणि अधिसूचित भागांत त्याला एक अट जोडली: दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेली पाहिजे. ती नोंदवायचे राहून गेले की घेणारा ‘मला काय माहीत’ म्हणायला मोकळा. कोर्ट फीचा अडसर मात्र कमी आहे. १ ऑक्टोबर १९९४ च्या अधिसूचनेने महाराष्ट्रात पोटगी, घटस्फोट आणि वैवाहिक वादातून निघणारे मालमत्तेचे दावे यांत स्त्रियांना कोर्ट फी माफ आहे. कोर्टाची पायरी चढणाऱ्या किती बायकांना हे आधी कुणी सांगितलेले असते?

गोव्यात हा प्रश्न मुळातच दुसऱ्या टोकाने सोडवला आहे. १८६७ च्या पोर्तुगीज नागरी कायद्याच्या वारशाने तिथे लग्नाबरोबर, वेगळा करार नसेल तर, दोघांची मालमत्ता एक होते आणि निम्मी-निम्मी धरली जाते. स्थावर विकायचे तर दोघांची संमती लागते. तिथेही वाद होतात, इन्व्हेंटरीची कामे वर्षानुवर्षे चालतात, पण हक्क आहे की नाही यावर भांडण होत नाही. उरलेल्या भारतात घटस्फोटाच्या वेळी नवऱ्याच्या स्थावरातून पत्नीला वाटा द्यायची तरतूद असलेले विधेयक राज्यसभेने ऑगस्ट २०१३ मध्ये मंजूर केले होते. लोकसभेची मुदत संपली आणि ते व्यपगत झाले. बहुधा मुदतीचा कायदा खुद्द संसदेलाच एवढा चोख लागू झाल्याचे हे एकच उदाहरण असावे.

महाराष्ट्राला यावर शेतातून सुचलेला उपाय लक्ष्मी मुक्तीचा. १९८६ मध्ये चांदवडला शेतकरी महिलांचे अधिवेशन भरले आणि त्यानंतरच्या काही वर्षांत शरद जोशींनी शेतकरी संघटनेच्या पुरुषांना आवाहन केले, की भांडण होण्याआधीच, राजीखुशीने, जमिनीचा वाटा बायकोच्या नावे करा. गावेच्या गावे पुढे आली. १९९२ च्या परिपत्रकाने सरकारने वाट सोपी केली: नवऱ्याने हयातीत अर्ज केला की सातबाऱ्यावर पत्नीचे नाव सहहिस्सेदार म्हणून लावायचे. कायद्याच्या काटेकोर भाषेत सातबाऱ्यावरचे नाव म्हणजे मालकी नव्हे. कोर्टे हे वारंवार सांगतात, आणि ते खरेही आहे. पण चावडीवर या नावाचा एक उपयोग ताबडतोब होतो. जमीन महसूल संहितेच्या कलम १५० प्रमाणे फेरफाराची नोटीस उताऱ्यावर हितसंबंध दिसणाऱ्या प्रत्येकाला जाते आणि हरकतीसाठी पंधरा दिवस मिळतात. ज्या उताऱ्यावर पत्नीचे नाव आहे तिथे पूर्ण गट विकायचा तर दुय्यम निबंधकापुढे तिला बसवावे लागते. ज्यावर नाही तिथे नोटीस सहसा चावडीच्या फळ्यावरच लागते, आणि माहेरी राहिलेल्या बाईचे ते पंधरा दिवस तिला पत्ता लागण्याआधीच उलटून गेलेले असतात.